शाई ओली असेपर्यंत

नावदिवसाच्या सकाळी इझ्मी आजोबांचा हात धरून पुलावर आली, तेव्हा ओस्मेर आजोबा नेहमीसारखे मधोमध थांबले. काठीने कठड्याचा दगड दोनदा ठोकून पाहिला.

“पूल बरा आहे. कुणी बांधला गं?”

“बांधला गवंड्यांनी. टिकवला तुम्ही, आजोबा.”

“असं होय? मग हरकत नाही. चल.”

गेली नऊ वर्षं हे रोज चालत आलं होतं आणि इझ्मीला त्याचा कंटाळा आलेला नव्हता. पुलाची नोंद आजोबांनीच केली होती, पोथी हातात घेतली त्या पहिल्याच वर्षी. आमच्या ओल्वात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं, की थोरल्या धुईत, त्या वर्षाकाठच्या दाट धुक्यात, बाकी सगळं जागचं हलतं, पण पोथीत लिहिलेलं हलत नाही आणि लिहिणाऱ्याच्या डोक्यात राहत नाही. दोन्ही गुण एकाच शाईचे. पूल लिहिला, पूल विसरले. विहिरी लिहिल्या, विहिरी विसरले. सेहेचाळीस वर्षांत त्यांनी अख्खं गाव जागच्या जागी बसवलं आणि आता त्यांना एकट्याला त्याच गावात सोडलं, तर ते संध्याकाळपर्यंत घरी पोचत नाहीत.

माणसांचंही तेच. सातव्या वर्षी, नावदिवसाला, प्रत्येक पोराचं नाव पोथीत पडतं आणि मग ते धुईत बिनघोर फिरतं. ज्याचं नाव पडलेलं नाही तो धुईत शिरला की परत येत नाही, इतकं ते सोपं आहे. त्या बदल्यात लिहिणारेबाबा त्या पोराला विसरतात. पुन्हा ओळख करून दिली, तर एका झोपेपुरती टिकते. दुसऱ्या दिवशी पालथ्या घड्यावर पाणी. म्हणून ते दिसले की लोक टोपी काढतात आणि आपलं नाव सांगतात.

“मी गार्नो, लिहिणारेबाबा. तळ्याकडचा.”

“भेटून बरं वाटलं, गार्नो.”

गार्नोने हे आजवर पाचेकशे वेळा तरी सांगितलं असेल, आणि दर वेळी घरी जाऊन बायकोला ऐकवतो, की आज बाबा माझ्याशी बोलले. मान द्यायला काही पैसे पडत नाहीत, म्हणून आम्ही ओल्वाकर तो पोतंभर देतो. हात धरायला मात्र घरचंच माणूस लागतं.

घरचं, कारण घरच्यांना लिहायचं नाही असा लिहिणाऱ्यांचा रिवाज आहे. नाहीतर माणसाच्या डोक्यात उरणार काय? त्या सकाळी आजोबांच्या डोक्यात जिती माणसं चार होती. थोरला मुलगा तार्वो, जो पुढच्या वर्षी पोथी हातात घेणार होता. त्याची बायको बेलिन, वरच्या गावची. तिथल्या पोथीतलं नाव इथे चालत नाही. धाकटा मुलगा फेद्रिस, वाम मासे धुरवून विकणारा, बिनलग्नाचा. आणि तार्वोची मुलगी इझ्मी, वय वर्षं एकोणीस. ही चौघं बिननावाची. दर वर्षी धुईचे चाळीस दिवस दारा-खिडक्यांच्या फटी मेणाने बुजवून आत बसायची.

त्या दिवशी चाराची तीन व्हायची होती, आणि हे आजोबांना अजून कुणी सांगितलं नव्हतं.

*

बेलिनने चुलीवरचं पातेलं तीनदा उतरवलं आणि तीनदा पुन्हा चढवलं. नावदिवसाचं जेवण बिघडलेलं चालत नाही, आणि तिचं लक्ष तर पातेल्यात नव्हतंच.

“दोगा म्हातारीने तिच्या धुईतल्या नावेवर इझ्मीची जागा धरून ठेवलीय,” तार्वो दारातून म्हणाला. “तीन दिवसांत धुई उतरेल. आज नाव पडलं नाही, तर सबंध वर्ष गेलं.”

“जाऊ दे गेलं तर.”

“पोरगी ऐकायची नाही.”

“पोरीला काय होतंय? दार बंद असतं म्हणून जीव गुदमरतो म्हणे! माझा गुदमरला नाही? माहेरी मी धुईत बोरं वेचत हिंडायची. हात पुढे केला तर बोटं दिसायची नाहीत, इतकी दाट. इथे आले आणि मेणाचा गोळा हातात आला. मी काही बोलले?”

“तू दर वर्षी बोलतेस,” तार्वो म्हणाला.

फेद्रिस पाठीवर टोपली घेऊन आला. टोपलीत धुरवलेल्या वामा. त्याने त्या पाटावर ओतल्या आणि एकीचं शेपूट मोडून तोंडात टाकलं.

“वहिनी, माझं ऐकशील? थांबवा तिला. ती नावेवर गेली, तर बाबांचा हात कोण धरणार? मी? मी धरला तर आम्ही दोघंही हरवू.”

“तुम्ही अंगण झाडतानाही हरवता, भावजी.”

“तेच म्हणतोय! आणि दोगाची नाव पळून चाललीय का? एक वर्ष थांबू दे. पुढच्या वर्षी पोथी दादाच्या हातात येईल. दादा लिहील तिला.”

तार्वो दारातून वळला. तो अंगणात निघून गेला. बेलिनच्या हातातला डाव तसाच राहिला.

तिने हा विचार आजवर केलाच नव्हता, असं नाही. केला होता आणि बाजूला ठेवला होता. पुढच्या वर्षी लिहायचं, म्हणजे तार्वोने लिहायचं. मग विसरणार तार्वो. मग इझ्मी नावेवरून घरी येईल, तेव्हा तिचा बाप उठून उभा राहील आणि म्हणेल, या, बसा. आणि बेलिन त्याच घरात दोघांना वाढत असेल.

तेवढ्यात ओसरीवरून आवाज आला. कोरेता आली होती. ओस्मेर आजोबांची थोरली लेक, बावन्न वर्षांची, वरच्या अंगाला वेत तोडणाऱ्या लोकांत राहते. दर नावदिवसाला सुकवलेल्या आलुबुखारांची पिशवी घेऊन येते. इझ्मीने आजोबांना नुकतंच ओसरीवर आणून बसवलं होतं. अकरा पोरांची नावं लिहून ते दमले होते.

“मी कोरेता,” ती त्यांच्यासमोर उभी राहून म्हणाली. “बेचाळीस वर्षांपूर्वीच्या पानावर आहे. तुमची मुलगी.”

आजोबा गडबडून उठायला लागले. “हो, हो. आजच वाचलंय मी. कोरेता, ओस्मेरची मुलगी. बसा ना, बाई. उन्हातून आलात.”

कोरेता दहा वर्षांची असताना मांजराच्या पिल्लामागे दाराबाहेर गेली आणि मागून धुई उतरली. बाहेरून तिच्या हाका ऐकू येत होत्या, पण दर हाकेला दिशा बदलत होती. ओस्मेरने चुलीसमोर बसून पोथी उघडली आणि तिचं नाव लिहिलं. थोड्या वेळाने ती कठडा धरत धरत दाराशी आली. दार उघडून बापाने विचारलं, “कुणाची गं तू, बाळा?” पुढची सहा वर्षं ती त्याच घरात राहिली आणि रोज सकाळी हेच ऐकत राहिली. सोळाव्या वर्षी ती वेतवाल्यांबरोबर निघून गेली. तिला कुणी अडवलं नाही.

बेलिनने तिला हाताला धरून स्वयंपाकघरात आणलं.

“वन्सं, तुम्ही सांगा तिला. तुमचं ऐकेल. कसं वाटतं ते सांगा.”

कोरेताने पिशवी खुंटीला अडकवली. “वाईट वाटतं. दर वर्षी वाटतं. आत्तासुद्धा वाटलं.”

“मग सांगा ना तसं!”

“मग मी परत निघते. धुई असली तरी निघते. आणि घरी पोचते.” ती दुसऱ्या पाटावर बसली. “पोचते गं, बेलिन. तेवढ्यासाठीच लिहिलं होतं त्यांनी.”

*

जेवायला सगळे बसले. जवाचे गोळे, रानकांद्याचं कालवण, वाम. आजोबांना इझ्मीने काटे काढून दिले. मग फेद्रिसला राहवलं नाही.

“ताई, तू तरी वर्षभर थांबायला सांग तिला. दादाने लिहिलेलं काय वाईट?”

“काही थांबायचं नाही,” बेलिन म्हणाली.

सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं. सकाळी हीच बाई उलट बोलत होती.

“लिहायचं तर आजच,” बेलिन ताटाकडे बघत बोलत राहिली. “मी स्पष्टच बोलते. माझ्या नवऱ्याने पोरीला विसरण्यापेक्षा सासऱ्यांनी विसरलेलं बरं. त्यांची अठ्ठ्याहत्तर झाली. याला अजून तीस वर्षं काढायचीत, माझ्यासमोर.”

तार्वोने घास खाली ठेवला. त्याला हे ऐकून लाज वाटली, कारण गेले आठ दिवस तो मनात हेच मोजत होता. फरक एवढाच, की बायकोने ते वाढता वाढता म्हणून टाकलं.

“डावा कान गेलाय माझा,” ओस्मेर आजोबा म्हणाले. “उजवा शाबूत आहे. मला कुणी विचारणार आहे का?”

“बाबा, तुम्हाला सांगणारच होतो…” तार्वो म्हणाला.

“तुला नाही. तिला विचारतोय.” ते इझ्मीकडे वळले. “आठ दिवस घशात काटा अडकल्यासारखी बसलीयेस. बोल.”

इझ्मीचे कान लाल झाले. “मला नाव हवंय, आजोबा. दोगाच्या नावेवर जायचंय. धुईत पाणी कुठे वळतं ते मला आवाजावरून कळतं. म्हातारीने तीनदा पारखून बघितलंय मला, बंद डोळ्यांनी.”

“मग?”

“मग काय? तुम्ही मला विसरायलाही नको.”

“दोन्ही मागतेस.”

“हो.”

आजोबा हसले. त्यांना खरंच हसू आलं. “पूल मी विसरलो म्हणतेस ना तू रोज? पण रोज त्यावरूनच जातो ना? पडलो का कधी?”

“बाबा, पुलाला वाईट वाटत नाही,” फेद्रिस म्हणाला.

“तू विचारलंस त्याला?” आजोबांनी ताट पुढे सरकवलं. “जा, पोरी. शाई कर. ऊन आहे तोवर लिहू.”

*

रिवाज असा, की ज्याचं नाव लिहायचं त्याच्याच घरच्या चुलीची काजळी शाईत हवी. इझ्मी धुराड्याखाली बसून काजळी खरवडू लागली. अकरा वर्षांची असल्यापासून सगळ्या गावाची शाई तीच घोटत आली होती; डिंक किती, पाणी किती, हे तिचा हातच ठरवायचा. शंभर अंक मोजेपर्यंत वाळते ती चांगली शाई. तेवढा वेळ लिहिणाऱ्याला आठवण असते. त्याला गावात ओली वेळ म्हणतात. सात वर्षांच्या पोरांना त्या वेळेचं काय? ती नाक पुसत उभी असतात.

इझ्मीने शाई घोटली. कोनाड्यात फेद्रिसकाकाच्या वामेच्या तेलाची बरणी होती. तिने इकडे तिकडे पाहिलं.

*

लिहिण्याचा ओटा पुलाच्या पलीकडे आहे, दगडी, वर पत्र्याचं छप्पर. गावकरी पन्नास पावलं मागे थांबले. लिहिणाऱ्याच्या घरात नाव पडणार म्हटल्यावर कामं टाकून आलेले, आणि चेहरे मात्र सुतकी ठेवलेले. गार्नो सर्वांत पुढे.

आजोबांनी पोथी उघडली, बोरू बुडवला आणि एका दमात ओळ लिहिली. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी त्यांचा हात कापत नव्हता. तार्वोने खांद्यावरून वाचलं, मोठ्याने, कारण पुढच्या लिहिणाऱ्याचं ते कामच आहे. “इझ्मी. ओस्मेरच्या घरची. दोगाच्या नावेवर.” मग तो दहा पावलं मागे सरला आणि मोजू लागला.

ओट्यावर आजोबा आणि नात बसून राहिली. काय बोलत होती ते कुणाला ऐकू आलं नाही. एकदा ती हसली. एकदा आजोबांनी तिच्या डोक्यावर टपली मारली. तार्वो शंभरापर्यंत गेला. दोनशेपर्यंत गेला.

“दादा,” फेद्रिस कुजबुजला, “शाई आहे का मध?”

पाचशे झाले. तार्वोने पुढे जाऊन पाहिलं. ओळ ओलीचिंब, चकचकीत. सूर्य भूर्जांच्या शेंड्यांना टेकायला आला होता. तो झाडांमागे गेला, की पोथी मिटायची. ओली ओळ पोथीत मिटून ठेवत नाहीत. ओल्या फडक्याने पुसतात आणि ते माणूस वर्षभर थांबतं. फडकं तार्वोच्या हातात होतं.

बेलिन धावत आली. तिने ओळीकडे पाहिलं, मग फेद्रिसकडे. “तेल आहे यात! भावजी, तुमचंच काम हे!”

“माझं?”

“सकाळपासून थांबवा थांबवा कोण करत होतं? हात धरायला लागेल म्हणून पोरीचं वर्ष बुडवलंत!”

“वहिनी, मी आळशी आहे, कबूल. तेल ओतायला तरी उठावं लागतं ना!”

“तुमची बरणी, तुमच्या वामा…”

कोरेता ओट्याशी आली, वाकली आणि पोथीजवळ नाक नेलं. “वाम आहे खरी,” ती म्हणाली.

सगळे पुन्हा फेद्रिसकडे बघायला लागले. विनोद करून सुटणाऱ्या माणसाला खरं बोलायची वेळ आली की पंचाईत होते.

“काकाला काही बोलू नका,” इझ्मी म्हणाली. “मी टाकलं.”

“तू?” बेलिन खालीच बसली. “तुझ्याच शाईत?”

“एकच थेंब टाकणार होते. थोडा वेळ जास्त मिळावा म्हणून. शंभर अंक म्हणजे काहीच नाही, आई. मग वाटलं, एकाने काय होतंय? आणखी एक टाकला. मग…” तिला रडू फुटलं. “मग मोजले नाहीत मी.”

कुणी रागावलं नाही. ज्या पोरीने अख्ख्या गावाची शाई बिनचूक घोटली, तिने स्वतःची नासवली होती.

तार्वो फडकं धरून उभा होता. इथे त्याच्याविषयी खरं ते सांगायला हवं. त्याला सुटल्यासारखं वाटलं. आता नियमच पुढचं करणार होता, त्याला नाही म्हणावं लागणार नव्हतं. ओळ पुसली जाईल, पोरगी वर्षभर घरात राहील. येत्या वर्षी तो स्वतः एकेक गल्ली विसरू लागेल, तेव्हा त्याचा हात धरायला ती असेल. सुटल्यासारखं वाटलं आणि लगेच स्वतःची शिसारीही आली. पण फडकं त्याने खाली ठेवलं नाही.

“तार्वो,” कोरेता म्हणाली, “सूर्य अजून आहे.”

“ताई, तेल कसं वाळणार?”

“राखेने. माझी ओळही वाळत नव्हती. दार किलकिलं होतं, धुईची ओल घरभर भरलेली. बाबांनी चुलीतली राख टाकली होती वर. आईने मला सांगितलंय. राख ओल पिते, मग लिहिणाऱ्याने फुंकायची. राख उडाली की खाली ओळ कोरडी.” ती थांबली. “पण राख घरच्याच चुलीची लागते.”

घर पुलापलीकडे. सूर्य शेंड्यांत शिरलेला. फेद्रिस आपल्या गुडघ्यांकडे बघू लागला. आणि बेलिन उठली. झग्याचा लांब घोळ दोन्ही हातांनी वर धरून ती पळत सुटली. ओल्वाकरांनी लिहिणाऱ्याच्या सुनेला पळताना कधी पाहिलं नव्हतं. ते बाजूला झाले. पुलावर तिची एक चप्पल निघाली. ती तिने तशीच सोडली.

परत आली तेव्हा ओटीत राख होती, केसांत राख होती आणि एका तळव्याला निखारा चटकलेला होता. “घ्या,” ती म्हणाली. एवढंच म्हणाली.

तार्वोने फडकं कमरेला खोचलं आणि दोन्ही हातांनी ओळीवर राख पसरली. राख भराभर काळी पडत गेली. मग तो बाजूला झाला, आणि ओस्मेर आजोबा पोथीवर वाकले. वाकून तसेच थांबले.

“बाई,” ते कोरेताला म्हणाले, “तुमच्या वेळी फुंकायच्या आधी मी काही म्हणालो होतो का?”

“मी बाहेर होते. आई म्हणायची, काही नाही म्हणालात. घाई होती.”

“हं. चुकलंच ते.” त्यांनी तिच्याकडे पाहत मान हलवली. कोरेताने चेहरा नदीकडे वळवला. बेचाळीस वर्षांत तिला हे कुणी म्हटलं नव्हतं, आणि उद्या सकाळी म्हणणाऱ्यालाही ते आठवणार नव्हतं. तिला ते पुरलं.

आजोबा इझ्मीकडे वळले. “ऐक. घरी येशील तेव्हा समोर उभी राहून सगळं नातं सांगू नकोस. आज सकाळी या बाईंनी सांगितलं, तर मला ओशाळल्यासारखं झालं. समोरचं माणूस इतकं जवळचं, आणि आपल्याला पत्ता नाही! नुसतं नाव सांग आणि हात धर. बाकीचं मी पोथीत वाचीन.”

“हो, आजोबा.”

“नावेवर म्हातारीशी वाद घालू नकोस. तुला खोड आहे.”

“हो.”

“आणि शाईत तेल घालू नकोस.”

ती रडता रडता हसली. आजोबांनी तिच्याकडे एकदा नीट पाहून घेतलं. नोंद करण्याआधी ते विहिरीत वाकून बघायचे, तसं, तळापर्यंत. मग त्यांनी गाल फुगवले आणि फुंकर मारली. राख हलली. दुसरी मारली. म्हाताऱ्याचा दम तो, अर्धी राख तिथेच राहिली. कुणाला मदत करता येत नव्हती. लिहिणाऱ्याशिवाय दुसऱ्याचा श्वास ओळीला लागू द्यायचा नसतो. बेलिनने नकळत स्वतःचा श्वास रोखून धरला होता. तिसऱ्या फुंकरीला सगळी राख पानावरून उडाली आणि खाली ओळ कोरडी, काळीभोर निघाली.

सूर्य झाडांमागे गेला.

आजोबांनी डोळ्यांतली राख पुसली. ओळीवरून बोट फिरवलं, बोटाकडे पाहिलं. स्वच्छ होतं.

“झालं,” ते समाधानाने म्हणाले. मग समोर बसलेली मुलगी त्यांना दिसली. तिचे डोळे सुजलेले पाहून त्यांनी आवाज खाली आणला. “तुमचंच नाव का हे? घाबरू नका. पक्कं बसलंय.”

“हो,” इझ्मी म्हणाली.

“ओस्मेरच्या घरची, असं दिसतंय इथे. म्हणजे आमच्यातल्याच.” त्यांनी मदतीसाठी तार्वोकडे पाहिलं. तार्वो पुढे झाला. त्याने पोथी मिटली, कापडात गुंडाळली आणि छातीशी धरली. पुढच्या वर्षी ती किती जड लागणार, हे त्याला पहिल्यांदाच कळलं. बेलिन त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली. तिचा भाजलेला तळवा त्याने हातात घेतला.

“चला, बाबा,” फेद्रिस पुढे झाला. “आजपासून मी.” आणि त्याने नेमका डावा हात धरला, ज्या हातात आजोबांची काठी असते. काठी पडली. दोघंही वाकले आणि डोक्यावर डोकं आपटलं. मागे गार्नो हसला आणि मग खोकल्याचं सोंग करू लागला.

इझ्मीने काठी उचलून आजोबांच्या डाव्या हातात दिली. कोरेता तिच्या कानाशी आली.

“उजवीकडून चाल,” ती म्हणाली. “आणि नाव सांगितलंस की ते बोलेपर्यंत बोलू नकोस. पहिल्या दिवशी मी फार बोलले होते.”

इझ्मी उजवीकडून पुढे झाली.

“माझं नाव इझ्मी,” ती म्हणाली आणि हात पुढे केला.

“भेटून बरं वाटलं,” आजोबा म्हणाले आणि तिचा हात धरला.

दोघं निघाली. बाकीचे मागे राहून चालू लागले. कुणी सांगितलं नव्हतं, पण अंतर ठेवूनच. नदीवर धुईचा पहिला पातळ पदर आला होता. पुलाच्या मधोमध ओस्मेर आजोबा थांबले. काठीने कठड्याचा दगड दोनदा ठोकला.

“पूल बरा आहे. कुणी बांधला?”

इझ्मीने त्याच दगडावर हात ठेवला.

“बांधला गवंड्यांनी. टिकवला तुम्ही, लिहिणारेबाबा.”

“असं होय? मग हरकत नाही.” पण ते लगेच निघाले नाहीत. तिच्याकडे वळून कौतुकाने म्हणाले, “तुम्हाला बरंच ठाऊक आहे. इथल्याच का तुम्ही?”

“हो,” इझ्मी म्हणाली. “आजपासून.”

“मग आता काळजी नाही,” आजोबा म्हणाले. “चला.”